थोरल्यांचं सुतक

एका जंगलात एक झरा होता आणि त्याचं पाणी सगळे प्यायचे. कुणी डाव्या काठावरून, कुणी उजव्या. पाय जिथं सोयीचा पडेल तिथून. झऱ्याची याबद्दल काही तक्रार नव्हती. निदान ती कुणी ऐकलेली नव्हती.

मग एक लांडगा आला आणि म्हणाला, मी ऐकली.

डाव्या काठावरून पिणारे पाणी बाटवतात, असं झऱ्यानं त्याला एकट्याला गाठून सांगितलं होतं. हा लांडगा आधी अस्वलांशी लढलेला. अस्वलं जंगलात घुसली तेव्हा नदीपलीकडच्या हत्तींनी त्याला लोखंडी दात बसवून दिले होते, कारण हत्तींचं अस्वलांशी वाकडं होतं. पुढं अस्वलं गेली, दात राहिले. तोंडात दात असले की चावायला कुणीतरी लागतं. डाव्या काठावरचे जवळ होते.

त्यानं ‘निर्मळ दल’ काढलं आणि त्याला सगळे थोरले म्हणू लागले. दलात यायचं तर झऱ्यात पंजा बुडवायचा आणि थोरल्यांच्या तोंडून शपथ ऐकायची. या शपथेचे नियम थोरल्यांनीच घालून दिले होते. ज्या तोंडानं शपथ दिली त्याच तोंडानं ती सोडवायची, दुसऱ्या कुणाला तो अधिकार नाही. ते तोंड मेलं तर शपथही मेली. आणि दलात थोर कुणी मेलं तर नऊ दिवस सुतक. त्या नऊ दिवसांत शपथ नाही आणि कुणावर दातही नाही. थोरल्यांची आई गेली तेव्हा हे सुतक एकदा पाळलं होतं. डाव्या काठावरचे त्या नऊ दिवसांत पोटभर पाणी प्यायले आणि थोरल्यांना आणखी नातेवाईक किती आहेत याची चौकशी करू लागले.

आता तुरेबाचं सांगतो. तुरेबा म्हणजे भृंगराज पक्षी. काळाभोर, डोक्यावर तुरा, शेपटीला दोन लांब पिसं आणि गळ्यात साऱ्या जंगलाचे आवाज. खारींना पळवून लावायला तो लांडग्याचा आवाज काढायचा. तो आवाज एकदा हबाजी तरसानं ऐकला. हबाजी हा थोरल्यांच्या खालोखालचा. दुसऱ्या दिवसापासून तुरेबा थोरल्यांच्या गुहेत, वरच्या कपारीत नोकरीला लागला. पगार रोज पोटभर वाळवी.

कारण थोरले मेले होते.

लढाईत मेले असते तर सांगायला बरं पडलं असतं. ते मेले घशात हाड अडकून, तेही शेजारच्या वाघ सरकारच्या पाहुणचारात, त्यांच्या छावणीच्या अगदी मागच्या बिळात. दिलेले दात आपल्यावरच उलटले म्हणून हत्ती तेव्हा थोरल्यांना दहा डोंगर धुंडाळत होते आणि वाघ सरकार त्यांना वाट दाखवत पुढं चालत होतं. वाघ सरकारनं प्रेत गुपचूप गुहेत पोचतं केलं आणि थोरले आमच्याकडे कधीच नव्हते, असं पत्रक काढलं. ते आहेत का, असं कुणी विचारलंही नव्हतं.

ही बातमी तिघांना ठाऊक होती. हबाजीला, दलाची पत्रकं लिहिणाऱ्या मुनशी कोल्ह्याला आणि तुरेबाला. बाहेर कळलं असतं तर नऊ हजार शपथा एका दिवसात मेल्या असत्या. म्हणून दर आठव्या दिवशी सकाळी सगळे गुहेसमोर जमायचे, थोरल्यांच्या जिवाला धोका आहे म्हणून गुहेच्या तोंडाशी काटेरी जाळी असायची, आणि कपारीतून थोरले बोलायचे. मुनशी लिहायचा, तुरेबा बोलायचा.

थोरले मेल्यावर दल फार वाढलं. जिवंत असताना ते तापट होते, मधेच कुणावर तरी भडकायचे. मेल्यावर त्यांच्या बोलण्यात सुसंगती आली. दूरदूरच्या जंगलांतून, ज्यांनी हा झरा पाहिलाही नव्हता, ते कळवायला लागले की आम्हीही तुमचेच. भुईमूग चोरताना पकडलेल्या उंदरांच्या एका टोळीनं जाहीर केलं की आम्ही चोर नसून निर्मळ दलाची भुईमूग शाखा आहोत. थोरल्यांनी कपारीतून त्यांना मान्यता दिली. कुठंतरी वादळात वड पडून दोन रानडुकरं मेली, मुनशीनं त्याचीही जबाबदारी घेतली. वादळ आमच्या शिस्तीत आलं, असं पत्रकात होतं. हत्तींनी ते पत्रक खरं मानलं आणि थोरल्यांच्या डोक्यावरचं इनाम वाढवून शंभर गाडे मीठ केलं. हत्तींनाही आपण कुणा मोठ्याशी लढतोय असं वाटायला हवंच होतं.

दलाचं मुख्य काम होतं मोहोळ. आग्यामोहोळ कड्यावरून उतरवायचं, ओल्या पाचोळ्यात गुंडाळून एकाच्या पाठीवर बांधायचं आणि त्यानं गर्दीच्या वेळी डाव्या काठाच्या पाणवठ्यावर शिरून पाठ झाडाला घासायची. माश्या उठल्या की सगळे खलास. नेणाराही. त्याला मेल्यावर असा झरा मिळणार होता ज्याला फक्त उजवा काठ आहे. कोण जाणार याची चिठ्ठी काढली जायची. हबाजीच्या दोन पोरांची नावं चिठ्ठ्यांत नसायची, कारण ती वाघ सरकारच्या राज्यात शिकायला होती. निघालेलं नाव थोरले स्वतः सांगायचे. तुरेबानं अशी एकोणचाळीस नावं सांगितली होती. सांगून झालं की तो वाळवी खायचा.

चाळिसावं नाव निघालं काटोजी साळिंदराचं.

तुरेबाचं घरटं ज्या झाडावर, त्याच्या मुळाशी काटोजीचं बीळ. काटोजी तसा दलात जाणाऱ्यातला नव्हता. पण दोन वर्षांपूर्वी थोरल्यांना शोधत आलेल्या हत्तींनी त्याचं जुनं बीळ तुडवलं. आत दोन पिल्लं होती. हत्तींनी दिलगिरीचं पत्रक काढलं, त्यात बीळ दुसऱ्याच कुणाचं लिहिलेलं होतं. काटोजी ते पत्रक घेऊन आठ दिवस बसून राहिला आणि नवव्या दिवशी जाऊन त्यानं झऱ्यात पंजा बुडवला.

चिठ्ठी निघाल्याची कुणकुण लागली तशी त्याची बायको झाडाखाली आली.

“भावजी, तुम्ही आत काम करता म्हणे.”

तुरेबा म्हणाला, झाडलोट करतो.

“मग झाडताना एकदा थोरल्यांच्या कानावर घाला. म्हणावं, दोन गेली, एक उरलंय. त्याला बाप राहू द्या. त्यांच्या तोंडून एक शब्द आला की सुटतील हे. दुसऱ्या कुणाचं ऐकायचे नाहीत.”

“थोरले फार कामात असतात, वहिनी.”

“तीन वर्षं बाहेर यायला फुरसत नाही. एवढं काय करतात आत?”

तुरेबानं चोचीनं पीस साफ केलं. ते आधीच साफ होतं.

त्यानं मुनशीकडं विषय काढला. मुनशी म्हणाला, काटोजीइतकी सोयीची पाठ साऱ्या जंगलात नाही. बांधायला वेल लागत नाही, मोहोळ काट्यांतच रुतून बसतं. तुरेबा हबाजीकडं गेला. हबाजी हाड फोडत होता. त्यानं तोंडातलं संपवलं आणि शांतपणे म्हणाला, “तू आवाज आहेस, तुरेबा. आवाजाला शेजारी नसतात.”

आठव्या दिवशी सकाळी सगळे जमले. काटोजी पुढच्या रांगेत, अंग घासूनपुसून आलेला. त्याची बायको मागं, बायकांत. आधी नेहमीच्या घोषणा झाल्या. पाणी निर्मळ, रक्त निर्मळ. थोरले आहेत म्हणून झरा आहे. मग मुनशीनं जाळीआडून खूण केली.

तुरेबाला पाठ होतं ते असं: काटोजी साळिंदरा, झऱ्यानं तुझं नाव घेतलं आहे. एवढं म्हणायचं, थोडं गुरगुरायचं आणि थांबायचं. त्यानं सुरुवात केली.

“काटोजी साळिंदरा,” थोरल्यांचा आवाज दुमदुमला, “तुझी शपथ मी सोडवली. सगळ्यांच्याच सोडवल्या. घरी जा. डावीकडून प्या, उजवीकडून प्या. तहान लागली की प्या.”

तरस आणि कोल्हा एकमेकांकडं बघत राहिले. मागं बायकांत कुणीतरी हुंदका दिला. नऊ हजार जणांनी नुसते पाय उचलले असते तर त्या सकाळी गोष्ट संपली असती.

पण काटोजी उठला.

“हे थोरले नव्हेत,” तो म्हणाला. “दोन वर्षं ऐकतोय मी त्यांना. थोरले कधी घरी जा म्हणायचे नाहीत. आत कुणीतरी तोतया आहे.”

दोन वर्षं तो ज्याला ऐकत होता तो तुरेबाच होता. त्याची शपथही तुरेबानंच दिली होती, सकाळची वाळवी खाऊन.

हबाजीच्या जिवात जीव आला. खरंय, तो ओरडला, शत्रू आत शिरलाय, आणि त्यानं स्वतःच जाळी बाजूला ओढली. घाईत त्याची चूक झाली. आत त्याला पक्षी दाखवायचा होता. पण गुहेत पहिल्यांदाच ऊन पडलं आणि सगळ्यांना आधी दिसला लांडग्याचा सांगाडा. लोखंडी दात जागच्या जागी. बाकी हाडं स्वच्छ, पांढरी, मुंग्यासुद्धा कधीच उठून गेलेल्या.

वरून तुरेबा आपल्या स्वतःच्या आवाजात म्हणाला, “तीन वर्षं झाली यांना जाऊन.” त्याचा खरा आवाज बारीक होता. पुढच्या दोन रांगांपलीकडं तो कुणाला ऐकूच गेला नाही, मागं पोचली ती नुसती कुजबुज.

हबाजी मात्र जन्माचा वक्ता. छाती बडवत तो म्हणाला की हत्तींच्या या हेरानं थोरल्यांचा आत्ता, या क्षणी घात केला. म्हातारा गेला, आपण पोरके झालो, आता सूड. रडतारडता त्यानं झेप घेतली. तुरेबा निसटून झाडावर गेला, पण शेपटीची दोन्ही लांब पिसं हबाजीच्या तोंडात राहिली.

गर्दीतून एका भेकरानं भीतभीत विचारलं की आत्ताच गेले तर मांस कुठं आहे. मुनशीनं क्षणभरही न अडखळता सांगितलं की निर्मळ देह असाच असतो, प्राण गेला की लगेच सुकतो. बऱ्याच जणांनी माना डोलावल्या. कुणीकुणी डोळे पुसले. हबाजी म्हणाला, थोरल्यांची जागा मी घेतो. सगळ्यांनी आत्ताच्या आत्ता पंजे बुडवा. पहिला मान काटोजीचा, आणि संध्याकाळच्या आत मोहोळ पाणवठ्यावर.

काटोजी झऱ्याकडं निघाला. तेव्हा त्याची बायको बायकांतून उठून सगळ्यांच्या पुढ्यात आली. पदर असता तर तिनं खोचला असता. तिनं नुसते काटे उभे केले.

“थोरले आज गेले ना?” तिनं हबाजीला विचारलं.

“आजच. तुझ्या डोळ्यांदेखत.”

“मग आजपासून सुतक. नऊ दिवस शपथ नाही, दात नाही. थोरल्यांचाच नियम आहे.”

हबाजी म्हणाला, ही वेळ नियमांची नाही.

“बरं. मग ते झाडावरचं पाखरू म्हणतंय तसं, तीन वर्षांपूर्वी गेले असतील. तेव्हाचं सुतक फिटलं. पण मग यांनी दोन वर्षांपूर्वी शपथ घेतली ती कुणाच्या तोंडून? तुम्हीच सांगा, तुम्ही रोज आत जात होता.”

हबाजीनं मुनशीकडं पाहिलं. मुनशी एकदम जमिनीवरचं काहीतरी वाचायला लागला. नऊ हजार जण वाट बघत होते आणि त्यांतले काही आता सांगाड्याकडं नीट बघायला लागले होते. फार नीट.

“सुतक आजपासून,” हबाजी म्हणाला.

काटोजी जागीच थांबला. नियम मोडणाऱ्यातला तो नव्हताच, म्हणून तर त्याचं नाव चिठ्ठीत होतं. बायकोनं त्याला पुढं घातलं आणि घरी नेलं. बाकीचेही गेले. काटोजीसाठी उतरवलेलं मोहोळ गुहेबाहेर फांदीला टांगून राहिलं, कारण उचलायला कुणी नव्हतं.

नऊ दिवस सुतकात करायला काही नसतं. कुणी बुजलेली बिळं उकरली. कुणाला कळलं की आपली पिल्लं आता चालतात. काटोजी पहिले पाच दिवस बिळातच पडून होता. सहाव्या दिवशी बिळाच्या तोंडाशी बसून तो एकटाच रडला. तुडवलेल्या दोन पिल्लांसाठी तो आजवर रडलाच नव्हता, ते काम त्यानं दलावर सोपवलं होतं. आठव्या दिवशी त्यानं कंद उकरून आणले आणि उरलेल्या पोराला सोलून दिले.

दहाव्या दिवशी हबाजी झऱ्यावर उभा राहिला. नऊ हजारांतले एकतीस आले. त्यांतले बावीस भुईमूग शाखेचे. हबाजीनं भाषण केलं, उंदरांनी टाळ्या वाजवल्या आणि खायला काय आहे ते विचारलं.

जंगलापुरता हबाजी तिथं संपला होता.

पण जंगल म्हणजे काही सगळं जग नव्हे. हत्तींना आता या जंगलाचा कंटाळा आला होता. घरी जायचं होतं. पण जाताना इथल्या कारभाराची किल्ली कुणाच्या तरी पंजात दिली, असं घरी सांगावं लागतं. डाव्या काठावरची हरणं, उजव्या काठावरची साळिंदरं, असे नुसते पाणी पिणारे लोक त्यांच्या ओळखीचे नव्हते. वीस वर्षांत त्यांना एकच नाव माहीत झालं होतं, निर्मळ दल. वाघ सरकारनं मध्यस्थी केली. हबाजी हा तसा मवाळ तरस आहे, असा शोध लागला. उंबराखाली तीन दिवस बोलणी झाली. हबाजीला अंघोळ घालून आणलं होतं. शेवटी सोंड आणि पंजा एकमेकांत घालून दोघं उभे राहिले. थोरल्यांच्या डोक्यावर लावलेलं शंभर गाडे मीठ हबाजीला पुनर्वसनासाठी मिळालं आणि एकतीस जणांच्या निर्मळ दलाला जंगलाचं सरकार म्हणून मान्यता मिळाली. दोन्ही काठांचा पाणवठा राखण्याचं काम आता त्यांच्याकडं. गुहेबाहेरचं मोहोळ वाजतगाजत नेऊन पाणवठ्यावरच्याच झाडाला टांगलं.

तुरेबा तेव्हा आखूड शेपटीनं आपल्या फांदीवर बसला होता. खाली काटोजी बीळ रुंद करत होता. बायकोनं वर पाहिलं.

“भावजी, पोराला पाण्यावर न्यायचंय. तिथं ते मोहोळ टांगलंय म्हणे. कुणाच्या पाठीवर बांधणार आता?”

“कुणाच्याच नाही, वहिनी,” तुरेबा म्हणाला. “ते आता सरकारी झालंय.”