गोजराबाईची भाकरी फुगेना

एक होता राजा, भुजंगराव. पोट मोठं आणि भूक त्याहून मोठी. त्याच्या मुदपाकखान्यात गोजराबाई भाकऱ्या थापायची. वीस वर्षं रोज थापायची. हात असा, की भाकरी निखाऱ्यावर धरली की टम्म फुगलीच म्हणून समजा.

आणि वीस वर्षांत राजा तिला "बरी झाली" एवढंसुद्धा म्हणाला नव्हता, बरं का.

एकदा काय झालं, राजकन्येचं लग्न ठरलं. व्याही जेवायला आले, पंगत बसली. राजाची कळी खुललेली. मग त्यानं ताटाचं कौतुक केलं, चांदी किती सुरेख म्हणाला. पाटाचं केलं. माश्या वारणाऱ्याला शाबासकी दिली. गोजराबाई दाराआडून ऐकत होती. आता आपलं नाव घेईल, मग घेईल. राजानं सात भाकऱ्या खाल्ल्या, ढेकर दिली आणि विडा खायला निघून गेला.

गोजराबाई चुलीपाशी परत गेली. शाप-बिप देणाऱ्यातली ती नव्हतीच. पण मनातून खट्टू झाली.

दुसऱ्या दिवशी भाकरी फुगेना. पीठ तेच, पाणी तेच, चूल तीच. भाकरी आपली पापडासारखी चपटी. मग पुऱ्या फुगेनात. मग गावातलं काहीच फुगेना. पैलवानाची छाती फुगेना. तुतारीवाल्याचे गाल फुगेनात, तुतारी नुसती फुस्स करायची. प्रधान रुसला, तर बिचाऱ्याला गाल फुगवता येईनात. तो रुसलाय हे कुणाला कळलंच नाही.

आणि लग्न आठ दिवसांवर आलेलं. व्याह्यांनी निरोप धाडला, तुतारी वाजणार नसेल तर आम्ही वरात आणत नाही. राजकन्या रडायला लागली.

मग म्हातारी दाई राजाला म्हणाली, हे सगळं भाकरीपासून सुरू झालंय, गोजराबाईचं मन दुखावलंय. राजानं शिपायाबरोबर सोन्याची पाटली धाडली. गोजराबाईनं ती कपाळाला लावली आणि फडताळात ठेवून दिली. भाकरी चपटीच. मग राजानं तांब्याच्या पत्र्यावर कोरून 'भाकरीभूषण' असा किताब धाडला. शिपायानं तो खड्या आवाजात वाचला, पण पत्र्यावर नाव होतं गिरजाबाई. गोजराबाईनं तो पत्रा दुधावर झाकण म्हणून घातला. भाकरी चपटीच.

मग राजा स्वतः आला. वीस वर्षांत पहिल्यांदा. ठेंगण्या दारावर डोकं आपटलं, धुरानं डोळे चुरचुरले. म्हणाला, मला शिकव, मीच थापतो. पहिली भाकरी परातीला चिकटून बसली. दुसरी उचलताना तिचे चार तुकडे झाले. तिसरी तव्यात पडली, पण राजाचं बोट आधी पडलं.

राजा बोट तोंडात घालून पाटावर बसला. गोजराबाईच्या हातांकडे बघत राहिला. तिच्या बोटांवर भाजल्याचे डाग कितीतरी होते. मग हळूच म्हणाला, आणि पहिल्यांदाच तिला अहोजाहो करून म्हणाला,

"गोजराबाई, मागं माझी दाढ दुखत होती. आठ दिवस ताटात भाकरीचा नुसता पापुद्रा यायचा, दुधात कुस्करलेला. मी तर कुणाला सांगितलं नव्हतं. तो तुम्ही धाडत होतात?"

"ताट परत आलं, त्यात भाकरीच्या कडा तेवढ्या उरल्या होत्या, महाराज. मग कळलं."

"आणि मी काहीच बोललो नाही."

"नाही बोललात."

राजानं मान खाली घातली. "चुकलं माझं. तुमच्या भाकरीची चव मला रोज कळत होती. सांगायचं मात्र कधी सुचलं नाही."

गोजराबाईनं पदरानं डोळे पुसले, धूर फार झालाय म्हणाली. एक गोळा घेतला, थापला, भाजला, निखाऱ्यावर धरला. आणि काय सांगू, भाकरी टम्म फुगली! त्याच क्षणी बाहेर तुतारी अशी कडाडली, की पहारेकरी दचकून हौदात पडला. प्रधानाचे गाल फुगले ते दोन दिवस उतरलेच नाहीत.

वरात आली, लग्न थाटात झालं. राजाला तर सवयच लागली. धोबी, माळी, पखालवाला, सगळ्यांना नावानं हाक मारून, काय छान केलंत ते नेमकं सांगायचा. कधीकधी अतीच करायचा. खरारा करणाऱ्याचं कौतुक इतकं लांबायचं, की घोडा उभ्या उभ्या पेंगायचा.

मग राजा, राजकन्या, गोजराबाई, सगळे पोटभर जेवले आणि सुखात राहिले. चला पोरांनो, मिटा डोळे. कुणाचं पांघरूण कुणी ओढलं, ते भांडण उद्या सकाळी.