गोजराक्काची भिंत

फार फार वर्षं झाली या गोष्टीला. घाटातून अजून गाडीरस्ता गेला नव्हता, आणि सावरघळ गावाच्या डोक्यावरचा डोंगर इतका दाट होता, की भर दुपारी तिथं वाट हातानं चाचपावी लागायची. त्या गावात सटू कुंभार राहायचा. त्याला गोजरा नावाची एकुलती एक लेक होती.

गोजरा बोलताना अडखळायची. शब्द ओठांपर्यंत यायचा आणि तिथंच अडून बसायचा. ऐकणाऱ्याला तेवढा दम नसायचा. तिला पाणी म्हणायचं असलं, तर समोरचा "पान का?" म्हणून मोकळा व्हायचा, आणि एकदाचं संपू दे म्हणून गोजराही मान हलवायची. असं करता करता तिनं बोलणंच सोडून दिलं. पण बघणं सोडलं नाही. बाप मडकी वाळत घालायचा, तेव्हा ही गेरूत काडी बुडवून त्यांवर एखादं पान काढायची. असं म्हणतात, की बाजारात बायका मडकं उचलताना त्यावरचं पान आधी झटकायला जायच्या.

तिचं लग्न झालं आणि सहा महिन्यांत सासरच्यांनी तिला माघारी आणून घातलं. मुकी सून गळ्यात बांधली म्हणाले. सटूनं लेकीला जेवायला वाढलं आणि दुसऱ्या दिवशी चाकावर नवी माती ठेवली. पुढं चार वर्षांनी तो गेला, तेव्हा गोजरानं घराला कडी घातली आणि ती डोंगरावरच्या जुन्या धर्मशाळेत राहायला गेली. पूर्वी तिथं बैलांचे तांडे उतरायचे. मग वाट बदलली आणि ती जागा ओस पडली. दगडी भिंती, आतून चुन्याचा गिलावा, वर लाकडी छप्पर, आणि चहूबाजूंनी रान. तिला बोलायला लावणारं तिथं कुणी नव्हतं.

त्या भिंतींवर तिनं रान काढायला घेतलं. तांबडी माती होती, पिवळी काव होती, चुना होता, चुलीतला कोळसा होता. हिरवा मात्र काही केल्या साधेना. पाला वाटून लावला तर महिन्याभरात तपकिरी पडायचा. तीन वर्षं ती त्या हिरव्याच्या मागं होती. शेवटी कावेत नीळ कालवून त्यात धावड्याचा डिंक घातला, तेव्हा हिरव्यानं भिंत धरली. त्या दिवशी ती एकटीच मोठ्यानं हसली असं सांगतात. आता एकटी होती तर ऐकलं कुणी, ते काही मला ठाऊक नाही.

तिची एक रीत होती. ऐकलेलं काढायचं नाही, आठवलेलं काढायचं नाही. झाडासमोर दोन-दोन दिवस बसायचं, मग येऊन भिंतीला हात लावायचा. एकेक झाड ती पुरतं काढायची. कोंब, पालवी, फूल, फळ आणि खाली बी, खऱ्याएवढंच. त्याचं फळ कोणतं पाखरू खातं तेही शेजारी. समोरच्या मोठ्या भिंतीवर तर तिनं अख्खा डोंगर काढला होता. कुठल्या ओढ्याला जांभळी, कुठल्या उतरणीला हिरडा, कुठल्या कड्याला उंबर, सगळं जिथल्या तिथं. असं म्हणतात, की भिंतीवरच्या सावरीला फुलं आली त्या सकाळी साळुंक्यांचा थवा धर्मशाळेत शिरला आणि भिंतीला चोची मारून मारून दमला. फुलं फक्कड होती, पण मध नव्हता.

गावात तिला येडी गोजरा म्हणायचे. वर जायचा तो एकटा भिवबा वैद्य, मुळ्या-पाला गोळा करायला. तो तिच्यासाठी पीठ-मीठ न्यायचा. पहिल्यांदा भिंती बघून त्यानं डोक्याचं मुंडासं काढून हातात धरलं म्हणतात.

अशी अठरा वर्षं गेली.

एका फाल्गुनात डोंगरापलीकडं कुणा ठेकेदाराची कोळशाची भट्टी पेटली होती. वारा फिरला आणि आग रानात शिरली. पाचव्या दिवशी ती धर्मशाळेच्या अंगाला आली. भिवबा धापा टाकत वर गेला. बघतो तर गोजरा विळा घेऊन अंगणातलं गवत कापत होती.

"गोजरे, खाली चल. आग ओढ्याच्या अलीकडं आलीया."

तिनं नाही म्हणून मान हलवली आणि कापतच राहिली.

"भिंती पुन्हा काढशील. जिवानं तर ऱ्हा."

तिनं भिवबाकडं पाहिलं. ओठ हलले, शब्द अडला. भिवबा थांबला. धुरात दोघंही खोकत होती, तरी तो थांबला. मग ती म्हणाली, "प... पुन्हा कशावरनं काढू? झ... झाडं कुठं हायती आता?"

भिवबानं दुसरा विळा उचलला.

असं म्हणतात, की आग अंगणापर्यंत आली, दारातून आत डोकावली, आणि आतलं हिरवंगार रान ओलं समजून माघारी वळली. भिवबा मात्र मरेपर्यंत सांगायचा, "आग कसली वळतीया? त्या पोरीनं हाताची सालं जाईस्तोवर गवत कापलं हुतं."

डोंगर काळा ठिक्कर झाला. त्या पावसाळ्यात माती वाहून शेतात आली, आणि पुढच्या चैत्रात गावाचा झरा आटला, जो कुणाच्या आज्यानंही आटलेला पाहिला नव्हता. लेकरं तापानं फणफणली तर भिवबाच्या बटव्यात पाला नव्हता. धाकलू पाटलानं गाव जमवलं. झाडं लावायची, इथपर्यंत सगळ्यांचं एकमत झालं. पण कुठली, आणि कुठं? जन्मभर ज्या सावलीत बसले, तिची नावं लोकांना धड सांगता येईनात. एक म्हणे झऱ्यावर जांभळी होत्या, दुसरा म्हणे करंज. त्यावरून हातघाईवर आले.

भिवबा म्हणाला, "भांडू नका. माझ्या मागनं वर चला."

अख्खं गाव धर्मशाळेत आलं. म्हाताऱ्या माणसांनी भिंतीवरचं आपलं झाड ओळखलं, कुणी त्याखाली गुरं राखली होती, कुणी झोका बांधला होता. एक आजी उंबराला हात लावून रडायला लागली. गोजरा कोपऱ्यात अंग चोरून उभी होती.

पाटील तिच्यासमोर गेला. "गोजराक्का, झऱ्यावर काय हुतं?"

आजवर तिला अक्का कुणी म्हटलं नव्हतं. तिनं तोंड उघडलं. शब्द अडला. मागून कुणीतरी सवयीनं म्हणालं, "जांभळीच न्हवं?"

"थांबा," भिवबा म्हणाला. "तिला बोलू द्या."

सगळे थांबले. बराच वेळ गेला. मग गोजरा म्हणाली, "झ... झऱ्यावर उंबर. जांभळी त्याच्या ख... खालच्या अंगाला." आणि मग दिवस मावळेपर्यंत ती सांगत राहिली, आणि गाव जमिनीवर बसून ऐकत राहिलं.

दुसऱ्या दिवसापासून माणसं दूरदूरच्या डोंगरांवर गेली. आणलेलं बी भिंतीवरच्या बियाशी ताडून बघायचं, जुळलं की गोजराक्का सांगेल तिथं लावायचं. चौदा वर्षं हे चाललं. चौदाव्या वर्षी झऱ्याला पाणी आलं. असं म्हणतात, की त्या सकाळी साळुंक्या परत आल्या त्या आधी धर्मशाळेतच शिरल्या. गोजराक्कानं ते पाणी ओंजळीनं पिऊन पाहिलं आणि त्याच वर्षी दिवाळीनंतर ती गेली. तेव्हा भिवबा हयात नव्हता. खांदा द्यायला घराघरातून माणूस आलं होतं.

आता घाटात डांबरी रस्ता आहे आणि धर्मशाळेवर पत्रे आहेत. पण सावरघळीत अजून दर वर्षी भाताची कापणी झाली, की लोक रंग कालवून वर जातात आणि विटलेली चित्रं उजळतात. नेम एकच, गोजराक्काचा. ज्यानं त्या साली ते झाड स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलंय, त्यानंच त्याला रंग लावायचा. कुणी पाहिलंच नसेल, तर ते तसंच ठेवायचं.

मागल्या तीन सालांत खरपुडीचा वेल कुणाला दिसला नाही. कड्याच्या कपारीत येतो तो, कंदिलासारखं इवलंसं फूल असतं त्याचं. भिंतीवर ते आता नीट ओळखूही येत नाही. कुणीतरी म्हणालं, फोटो बघून रंगवून टाकू. म्हाताऱ्यांनी ऐकलं नाही. म्हणून यंदा श्रावणात रोज सकाळी, पोराबाळांसकट, गाव कड्याकडं खरपुडी शोधायला निघतं.