पेलबाबांची खालची प्रार्थना

या, आत या. पण दार लोटून घ्या, वारा बोचरा आहे. ते उंच व्यासपीठ दिसतंय ना? आमच्या चर्चचे पाळक थेट त्यावर चढत नाहीत. आधी खाली, माणसांत उभं राहून आपल्या घरचं दुखणंखुपणं सांगतात, मगच पायऱ्या चढतात. का, ते सांगते.

अमेरिकेवर इंग्लंडच्या राजाचा अंमल होता, तेव्हाची गोष्ट. आमच्या थॉर्नक्रीक गावचे पाळक होते जेडेडाया पेल. घरात कुणी आजारी असलं की लोक चिठ्ठीवर नाव लिहून द्यायचे. रविवारी पाळक ती वाचून प्रार्थना करायचे. त्या साली घटसर्पाची साथ आली. आठवड्याला दोन-तीन पोरं जायची. तशात पेलबाबा वरून गरजले म्हणे, "ज्या घरात आजार, त्या घरात पाप!" समोरच्या बाकावर मेहिटबल नावाची विधवा होती. त्याच महिन्यात तिनं दोन लेकरं पुरली होती. बाई गं, कसं ऐकवलं असेल तिला!

आणि एका शनिवारी पाळकांच्याच सहा वर्षांच्या हॅनाचा घसा धरला. आता आली का पंचाईत! नाव वाचावं तर आपलेच शब्द आपल्या अंगावर. न वाचावं तर लेकीसाठी गाव प्रार्थना कशी करणार? चिठ्ठी लिहून त्यांनी खिशात घातली. रविवारी सकाळच्या उपासनेत सगळ्यांची नावं वाचली, तिचं सोडून. दुपारीही तेच.

पण दोन उपासनांच्या मधल्या वेळात त्यांच्या बायकोनं मेहिटबलला पोरीपाशी बोलावलं होतं. मेहिटबल तिथून तडक इथं, दुपारच्या उपासनेला आली. उपासनेत बाईनं तोंड उघडायचं नाही, असा तो काळ. ती उभी राहिली.

"पाळकबाबा, हॅनाचं नाव राहिलं."

पेलबाबा खाली उतरले, चिठ्ठी काढली नि तिच्या हातात दिली. मग मेहिटबलनंच ती वाचली. म्हणाली, "पाप कुणाचं ते देव बघेल. पोरीला श्वास घेता येईना, आधी प्रार्थना करा."

चमत्कार विचाराल, तर झाला नाही. हॅना मंगळवारी गेली. तिला माती देऊन पेलबाबा मेहिटबलच्या दारात जाऊन उभे राहिले. "तुझ्या लेकरांच्या वेळी मी काय बोललो गं!" एवढंच म्हणाले नि ढसाढसा रडले.

ती म्हणाली, "आत या. जेवलात का?"

तेव्हापासून आमचे पाळक आधी खाली उभं राहून आपल्या घरचं सांगतात, मगच वर चढतात. आणि आजही आमच्या गावात कुणाकडे आजारपण आलं, तर 'कशानं झालं?' असं कुणी विचारत नाही. 'जेवलात का?' विचारतात.