टेकडीमावशी

डोंगरांना वाचा होती तेव्हाची गोष्ट. डेन्मार्कच्या सपाट मुलखात एक बुटकी टेकडी होती. आल्प्स पाहून आलेली रानहंसीण तिला हिणवायची, "अगं, तिथले डोंगर ढगांत डोकं खुपसतात. तू तर नुसतं वारूळ!" टेकडी हिरमुसून जाई.

थंडी पडली, थवा दक्षिणेला निघाला. पण हंसिणीचा पंख दुखावलेला. सपाटीवरून तिला काही केल्या उडता येईना.

"रडू नकोस. माझ्या माथ्यावर चढ, तिथं वारा जोराचा असतो," टेकडी म्हणाली.

हंसीण धापा टाकत वर चढली, उतारावरून धावत सुटली आणि वाऱ्यानं तिला अलगद उचललं.

पुढच्या उन्हाळ्यात ती पिल्लांना घेऊन थेट टेकडीकडे आली. "मावशीला नमस्कार करा आणि पळा!" दिवसभर पिल्लं धडपडत, गडगडत उडायला शिकली. टेकडीला मात्र गुदगुल्यांनी हसू आवरेना.