उलट्या फेऱ्याचा रहाट

शुद्धलेखन कच्चं आहे, शब्दही साधेच आहेत; वाचणाऱ्यानं सांभाळून घ्यावं. गोष्ट मात्र पुरी आहे.

एका राज्यात राजवाड्यामागं एक विहीर होती, आणि विहिरीवर मांत्रिकानं घडवलेला रहाट होता. बैल सुलटे हाकले की पाणी येई. उलटे हाकले की दिवस मागं सरे, थेट सूर्योदयापर्यंत. सांडलेलं दूध भांड्यात परते, पडलेला दात हिरडीत बसे. आठवण तेवढी कुणाची पुसत नसे.

राजा भद्रसेनाला सोंगट्यांचा नाद होता, आणि हरणं सोसत नव्हतं. हरला की म्हणे, "हैबती, फिरव." रहाट हाकणारा हैबती मान खाली घालून बैल उलटे वळवी. हळूहळू प्रजेलाही सवय जडली. फुटलेलं कुणी सांधेना, उसवलेलं कुणी शिवेना, भांडल्यावर कुणी समजूत घालीना. "राजा हरेल, दिवस फिरेल," म्हणायचे आणि झोपायचे.

मग एका दुपारी हैबतीच्या बायकोला, तुळजाला, मुलगी झाली. संध्याकाळी राजा हरला. रहाट फिरला, मूल पुन्हा पोटात गेलं, सकाळी कळा पुन्हा सुरू झाल्या. असं तीनदा झालं.

तोच सूर्य चौथ्यांदा उगवला तेव्हा तुळजा म्हणाली, "देह नवा होतो हो, जीव नाही होत. ही खेप कशीबशी काढीन. पुढची नाही निभायची." आणि तिनं भिंतीकडं तोंड केलं.

हैबती रहाटाशी जाऊन बसला. आडव्या लाकडावर साळुंकी होती. ती म्हणाली, "आज्ञा देणारा मनापासून 'चुकलो' म्हणेल, तर उलटा फेरा मरेल."

"राजाला तो शब्द ठाऊक नाही."

"तुला तरी कुठं आहे? फुटलेलं सांध. उसवलेलं शिव. तुटलेलं जोड. मग राजाला तुझ्या घरी ने."

हैबतीनं अंगणातली फुटकी घागर लाखेनं सांधली. फाटकं पागोटं शिवलं; बोटांना सुई टोचली, पण टाके धरले. तुटलेलं काय, ते मात्र कळेना. मग कळलं, आणि तो तुळजाच्या उशाशी जाऊन बसला.

"बैल तुम्हीच हाकता ना?" ती भिंतीशीच बोलली. "दुसरा कुणी असता, तर पोटभर शिव्या तरी दिल्या असत्या."

"चुकलो," हैबती म्हणाला. वापरात नसलेला शब्द, अडखळत आला. "आज नाही हाकणार. मान गेली तरी."

तुळजानं कूस बदलली. "मानेचं राहू द्या. पाणी द्या आधी."

त्यानं सांधलेल्या घागरीतलं पाणी दिलं. दुपारी मुलगी झाली. तिला शिवलेल्या पागोट्यात गुंडाळली.

संध्याकाळी राजा हरला. "हैबती, फिरव."

"आधी माझ्या घरी चला, महाराज."

"मान जड झाली का तुझी?"

"झाली, महाराज. तरी चला."

राजाला आजवर कुणी असं म्हटलं नव्हतं. नवलापोटी तो आला, झोपडीत वाकून शिरला.

तुळजा म्हणाली, "चौथ्यांदा जन्मलीय, महाराज. तुमची सोंगटी मेली की हिला परत जावं लागतं."

राजानं बोट पुढं केलं. मुलीनं ते मुठीत धरलं. त्यानं सोडवून पाहिलं, ती सोडीना. राजा तिथंच खाली बसला.

"हैबती," तो हळूच म्हणाला, "अशा वेळी काय म्हणतात?"

हैबतीनं सांगितलं.

"चुकलो, बाई," राजा म्हणाला.

राजवाड्यामागं कडाड आवाज झाला. रहाटाचे उलटे दाते झडून विहिरीत पडले, आणि साळुंकी उडून गेली. दिवस आता फिरायचा नव्हता; त्या संध्याकाळी गावात घरोघरची दारं वाजली. जो तो तोच शब्द घेऊन शेजारी निघाला होता.

राजाचा निरोप आला: हरलो ते हरलो, उद्या नवा डाव.

आणि उद्या उजाडला. हैबतीनं बैल सुलटे जुंपले, रहाटाचं पहिलं पाणी त्या सांधलेल्या घागरीत भरलं, आणि लेकीच्या आंघोळीला तापत ठेवलं.