गुरुजींचा गुडघा

एकदा एक शिष्य भल्या सकाळी आपल्या वृद्ध गुरुजींच्या अंगणात तणतणत येऊन उभा राहिला. शिष्य म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर शेंडी राखलेला कोवळा बटू येतो. हा तसा नव्हता. पन्नाशी ओलांडलेला, मिशा पिकलेला, गावात मान असलेला गृहस्थ होता. तरुणपणी गुरुजींकडे चार अक्षरे शिकला होता आणि तेव्हापासून घरात काही बिनसले की त्याची पावले याच अंगणाकडे वळत. गुरुजी ओसरीवर बसून खलात कसलेसे मूळ कुटत होते. गावाला ते शास्त्रही सांगत आणि औषधही देत, आणि दोन्हींचे पथ्य कोणी पाळत नाही अशी त्यांची कायमची तक्रार असे.

"गुरुजी, द्वारका माहेरी जाऊन बसली आहे ती येतच नाही," शिष्य म्हणाला. "निरोप पाठवून दमलो. आता तिच्या भावाचा माणूस सांगून गेला, की उद्या वसंतपंचमीच्या मुहूर्तावर ती तिथं मागच्या खोलीत वेगळी चूल मांडणार. चूल, गुरुजी! या वयात!"

गुरुजींचा बत्ता थांबला. बाईने माहेरी महिनाभर राहणे वेगळे आणि तिथे स्वतःची चूल मांडणे वेगळे. पहिल्याला पाहुणचार म्हणतात. दुसऱ्यानंतर तिला बोलवायला नवऱ्याला तोंड राहत नाही आणि परत यायला तिलाही वाट राहत नाही. हे दोघांनाही ठाऊक होते.

"भांडण कशावरून झालं?"

"भांडण कुठलं, गुरुजी? तुम्हाला माहीतच आहे, लग्नात मी तिला शब्द दिला होता. दागिने होतील न होतील, पण मुलूख दाखवीन. दरवर्षी पौषात, सुगी उरकली की आम्ही दोघं पायी निघतो. नद्या पाहिल्या, डोंगर पाहिले, देव पाहिले. एकदाही गाडीत बसलो नाही. यंदा मी गाठोडं बांधलं, काठी काढली, तर ही म्हणते, 'मी येत नाही, तुम्ही जाऊन या.' का, तर म्हणे कंटाळा आला! माझ्याबरोबर चालायचा कंटाळा! मग मीही एक शब्द बोललो."

"कोणता?"

शिष्य भिंतीकडे पाहू लागला. "म्हातारी झालीस, म्हणालो. तू झालीस, मी नाही झालो."

"हं," गुरुजी म्हणाले.

"आणि खरं सांगू? तिच्याबरोबर चालणं म्हणजे सत्त्वपरीक्षाच. दर वळणावर थांबायचं. हे झाड बघा, तो पक्षी ऐका, काय फुललंय बघा. आधी इतकं नव्हतं, पण अलीकडे नुसतं वेड लागल्यासारखं. झाडं काय घरी नसतात?"

गुरुजींनी खल बाजूला सारला आणि उपरणे खांद्यावर टाकले. "ऊठ. खिंडीतून गेलो तर दिवस मावळायच्या आत तुझ्या मेहुण्याच्या दारात पोचू. मीही येतो."

शिष्याला हायसे वाटले. मेहुणा गुरुजींचा शब्द मोडणार नव्हता. शिवाय गुरुजी सत्तरी उलटूनही असे झपाझप चालत, की तरणी पोरे मागे पडत. म्हणजे वेळेचीही चिंता नव्हती.

परंतु गावची वेस ओलांडली आणि गुरुजी एकदम वाकले. "गुडघा धरला रे," ते म्हणाले.

"मग परत जायचं का?"

"छे छे. तू चल पुढे, मी येतोच मागून."

शिष्य पुढे झाला. पहिल्या वळणावर एक सपाट धोंडा होता, त्यावर बसून तो पाणी प्याला, त्याने उपरण्याने वारा घेतला आणि मागे पाहिले. गुरुजी काठी टेकत मुंगीच्या पावलांनी येत होते. बऱ्याच वेळाने त्यांचे पागोटे जवळ आलेले दिसताच शिष्य लगबगीने उठला, धोतर सावरले, "चला, गुरुजी," म्हणाला आणि चालू लागला. पुढच्या वळणावरही तेच झाले. त्याच्या पुढच्या वळणावरही तेच. गुरुजी धापा टाकत येऊन पोचत आणि शिष्य उठून वाटेला लागे. उन्हे वर चढत होती आणि डोंगराची चढण तर अजून सुरूही झाली नव्हती.

चढण लागली तेव्हा गुरुजी एका काटेसावरीखाली थबकले. पाने झडून गेलेल्या त्या झाडावर लालभडक फुले लागली होती आणि साळुंक्यांनी वर बाजार मांडला होता. "काय फुललीय रे," बुंध्याशेजारच्या दगडाचा आधार घेत गुरुजी म्हणाले, "बघ तरी."

"पाहिली, गुरुजी. चला."

"साळुंकी मध खाते हे तुला ठाऊक होतं?"

"नव्हतं. आता झालं. चला."

थोडे वर गेले तर गुरुजींना दरीत कुणाच्या तरी शेतातला धूर पाहायचा होता. आणखी वर गेले तर लाकडाची मोळी घेऊन उतरणाऱ्या म्हातारीला त्यांनी थांबवले आणि तिच्या गावची, सुनांची, म्हशीची विचारपूस मांडली. शिष्याच्या तळपायाची आग मस्तकात गेली. गुरू झाले म्हणून काय झाले, माणसाला काळवेळ नको? इकडे संसाराची चूल विझायची वेळ आली आहे आणि हे म्हशीचे दूध मोजत बसले आहेत! त्याच्या मनात असे बरेच काही आले. त्यातले सौम्यसे निवडून तो म्हणाला, "गुरुजी, झाडं, माणसं, म्हशी आपल्या गावी नाहीत का?"

गुरुजी फक्त गुडघ्यावरून हात फिरवत त्याच्याकडे पाहत राहिले.

खिंडीच्या तोंडाशी शिष्य पुन्हा पुढे पोचला. खाली मेहुण्याचे गाव दिसत होते, परंतु सूर्य डोंगराच्या खांद्यावर टेकायला आला होता. तो दगडावर बसला, उठला, पुन्हा बसला. गुरुजी दिसले तसा ताडकन उभा राहिला आणि आजवर गुरुजींसमोर कधी चढला नव्हता असा त्याचा आवाज चढला.

"बस्स झालं, गुरुजी! सूर्य कुठं गेला बघा. दर वळणावर तुमची वाट बघून बघून माझा जीव मेटाकुटीला आला. तुम्ही बसा इथंच. मी एकटा जातो."

"जा की," गुरुजी म्हणाले. "मला एवढंच सांग, सकाळपासून तू कुठं विसावलास का?"

"विसावतोय कसला! तुमची वाट बघत होतो."

"बसून, की उभ्यानं?"

"बसून."

"पाणी प्यालास?"

"प्यालो."

"आणि मी पोचलो, की तू काय करत होतास?"

"उठत होतो. उशीर होत होता ना."

"मग मी कधी बसलो?"

शिष्य उत्तर द्यायला गेला आणि अडखळला. सकाळपासूनची सगळी वळणे त्याने मनात उलटी चालून पाहिली. धोंड्यावर तो स्वतः बसला होता. गुरुजी आले तेव्हा धोंडा मोकळा होता, पण तोवर निघायची वेळ झालेली होती. "सावरीखाली टेकलात थोडं," तो चाचरत म्हणाला. "आणि त्या मोळीवाल्या म्हातारीपाशी. आणि तो धूर..."

त्याच्या कानात घुमणारा आवाज गुरुजींचा नव्हता. हे झाड बघा, तो पक्षी ऐका, काय फुललंय बघा. तो आवाज कित्येक पौष त्याच्या मागून येत होता आणि त्याने एकदाही वळून नीट पाहिले नव्हते. तो त्याच दगडावर मट्‌कन बसला.

"गुरुजी, तिचा गुडघा दुखतो?"

"कळलं म्हणायचं," गुरुजी सुस्कारा सोडून म्हणाले. "एवढा डोंगर चढावा लागला त्यासाठी! अरे, पाच वर्षं ती माझ्याकडून निर्गुडीचं तेल नेते आहे. शेजारणीला हवं म्हणते. तुझी शेजारीण अजून झाडावर चढून चिंचा पाडते, तिला कशाला हवं तेल? एकदा मी स्पष्ट विचारलं, तर माझ्याकडून शब्द घेतला, की यांना सांगू नका. म्हणाली, 'वर्षातले तेवढेच दिवस त्यांच्या कपाळावरची आठी जाते, ते मला मोडायचे नाहीत.' तोंडानं सांगायचं नाही असा शब्द मी दिला होता. म्हणून आज पायानं सांगितलं."

शिष्याने मान खाली घातली. गुरुजी पुढे म्हणाले, "पुढं चालणाऱ्याला वाटतं, आपण किती थांबतो, किती सोसतो. पण त्याला दर वळणावर विसावा मिळतो आणि मागच्याला मिळते ती फक्त 'चला' अशी हाक. तू तिला सगळा मुलूख दाखवलास खरा. पण तिला अधिक कोण दिसलं असेल? तुझी पाठ. आणि एक ध्यानात ठेव. म्हातारपण नवराबायकोला एकाच दिवशी येत नाही. ज्याला उशिरा येतं, त्यानं ते आपलं शौर्य समजू नये."

मग एकदम आठवण होऊन शिष्य म्हणाला, "आणि तुमचा गुडघा, गुरुजी? उतरणीला त्रास होईल."

"माझ्या गुडघ्याला काय धाड भरलीय!" गुरुजी म्हणाले आणि धोतराचा काचा मारून अशा झपाट्याने उतरू लागले, की शिष्याला त्यांच्यामागे अक्षरशः धावावे लागले. अर्ध्या उतरणीवर त्याला धाप लागली. गुरुजी वळणावर थांबून त्याच्याकडे पाहत होते, आणि तो पोचताच तसेच पुढे निघाले. शिष्याने तोंडातून चकार शब्द काढला नाही.

मेहुण्याने दारात स्वागत केले, "या गुरुजी, या दाजी," म्हणाला आणि गुरुजींना घेऊन सोप्यावर बसला. शिष्य मागच्या खोलीकडे गेला. द्वारकाबाई वाळलेल्या चुलीवरून मातीचा शेवटचा हात फिरवत होत्या. एक पाय सरळ पसरून बसल्या होत्या. घरीही त्या अशाच बसत. ते बसणे शिष्याला ऐसपैस वाटे आणि चारचौघांत तो त्यावरून डोळेही वटारत असे. आज त्याची नजर त्या पायावरून हलेना.

"कोणता गुडघा?" तो म्हणाला.

द्वारकाबाईंनी मान वर केली नाही. "गुरुजींनी सांगितलं वाटतं."

"नाही. त्यांनी नुसतं लंगडून दाखवलं."

त्यांचा हात थांबला. "डावा," त्या म्हणाल्या, आणि थोड्या वेळाने, "आता उजवाही."

"मला सांगायचंस तरी. मी थांबलो असतो."

"थांबत होतातच की. दर वळणावर!"

शिष्याला लाज वाटत होती आणि लाजेपेक्षा भीती अधिक वाटत होती, की ही आता खरेच येणार नाही. तो तिच्यासमोर मातीत बसला. "मी नको ते बोललो, द्वारका," तो म्हणाला. "घरी तुझ्यावाचून सगळं भकास झालंय. उद्या ही चूल मांडू नकोस."

"झाडांचं काय?" त्यांनी विचारले. "नसतं वेड म्हणायचात."

"तुला आवडतात का खरंच? की नुसतं निमित्त होतं?"

"आधी आवडायची. मग गुडघे दुखायला लागले, तेव्हा उभं राहायला काही निमित्त नको का? म्हणून झाडं बघायला लागले. पण बघता बघता पुन्हा आवडायला लागली." त्यांनी हाताची माती झटकली. "बघू उद्याचं उद्या."

सकाळी मेहुणा चकित झाला, कारण जन्मात गाडीत न बसलेले दाजी स्वतः गोठ्यात येऊन गाडी मागत होते. डोंगराची वाट नको, नदीकाठच्या रस्त्याने वळसा घालून जाऊ, दोन दिवस लागले तर लागू देत, असे म्हणत होते. गुरुजींनी गाडीत बसायला साफ नकार दिला आणि "माझे पाय आखडतात," असे म्हणून ते एकटेच खिंडीच्या वाटेला लागले. गाडीत गवत अंथरून झाले तरी द्वारकाबाई बाहेर येईनात. शेवटी त्या आल्या त्या भावाच्या हातात चूल देऊन. "मेहनतीनं घातलीय, इथं कशाला टाकू?" असे म्हणून त्यांनी ती गवतावर जपून ठेववली आणि शेजारी बसल्या.

दुपारी नदीच्या वळणावर द्वारकाबाईंनी गाडी थांबवायला सांगितली. काठाला एक सावर फुलली होती. "आता काय?" हे शिष्याच्या अगदी ओठावर आले, कारण जित्याची खोड अशी एका डोंगरात जात नाही. पण तो खाली उतरला, त्याने हात दिला आणि दोघे झाडाखालच्या धोंड्यावर शेजारी शेजारी बसले. बरोबरच बसले. साळुंक्या कलकलत होत्या. ऊन सरकले, बैलांनी माना झाडल्या, गाडीवान उगाचच खाकरला. शिष्य आतून नुसता चुळबुळत होता, पण तो ढिम्म हलला नाही. अखेर द्वारकाबाईच वैतागल्या.

"अहो, आता उठायचं, की इथंच चूल मांडायची?"

पुढे पोचणाऱ्याने वाट पाहावीच, पण उठायची वेळ मागून येणाऱ्याला ठरवू द्यावी.