वेशीबाहेरची शिरगणती

विषय: डोंगराआडचे एक गाव सरकारदरबारी बेचिराग, म्हणजे निर्मनुष्य, ठरल्याबाबत.
संदर्भ: त्याच गावच्या गावकाराचा अर्ज.

उपरोक्त विषयाची हकिकत अशी, की कोकणात एका डोंगराआड एक गाव होते. तिथे दर काही वर्षांनी गावपळण होई. चुली विझवून, गुरे-कोंबड्या घेऊन सारे वेशीबाहेर झोपड्यांत राहत. मग गावकार, म्हणजे गावचा मानकरी, वेशीवरच्या देवाच्या अंगावर ओली पाकळी चिकटवी. ती आपणहून उजवीकडे पडली, की कौल मिळाला. तोवर गावात पाऊल टाकायचे नाही.

पुढे माणसे शहराकडेच पळाली. त्यांना कौलाची गरज नव्हती, कारण परतायचेच नव्हते. उरली मोजकी म्हातारी माणसे. पण गावकाराने रीत सोडली नाही.

अशाच एका गावपळणीत शिरगणतीचा कारकून आला. घरोघरची कुलुपे पाहून तो वेशीबाहेर आला.

"आजोबा, माणसे घरात मोजायची असतात. घटकाभर उंबऱ्यात उभे राहा."

"कौल नाय, तर भितर कसो जातलंय?"

"मग गाव रिकामे लिहू?"

"आमी काय भुतां?"

"ते मला ठरवता येत नाही. वेशीबाहेरच्यांसाठी रकाना नाही."

गावकाराने पाकळीकडे पाहिले. वारा पडलेला. पाकळी हलेना.

बायको कुजबुजली, "अवो, वायंच खोका! एरवी तुमचो खोकलो रातभर झोपाक देना नाय."

त्याला खरोखरच खोकल्याची उबळ आली. त्याने तोंडावर पंचा दाबला आणि लांब फणसाखाली जाऊन खोकून आला.

कारकुनाला शेवटची एसटी गाठायची होती. 'बेचिराग' असे लिहून तो गेला. एसटीचा धुरळा खाली बसला आणि पाकळी उजवीकडे पडली.

निर्मनुष्य गावाला एसटी कशाला, म्हणून ती बंद झाली. मग विजेच्या तारा उतरवल्या. एकेक म्हातारा लेकाकडे गेला. गावकाराची बायको तापाने गेली. तिला डोलीत घालून दवाखान्यात न्यायला माणसे नव्हती. नोंद हळूहळू खरी होत गेली.

गावकाराने दुरुस्तीचा अर्ज केला. कचेरीने कळवले, की सोबत त्या गावचा रहिवासी दाखला जोडावा. बेचिराग गावचा दाखला मात्र देता येत नाही.

यंदा पुन्हा गावपळण आली. त्याने चूल विझवली, कोंबडी काखेत घेतली आणि एकटाच वेशीबाहेर जाऊन बसला. पाकळी चिकटवली. उबळ आली तेव्हा बघायला कोणी नव्हते. तरी तो उठून फणसाखाली गेला.

तात्पर्य: देवाला न फसवणाऱ्याची साक्ष देवच देऊ शकतो, आणि ती कचेरीत चालत नाही.

अर्ज अद्याप प्रलंबित आहे.